इंजिन ऑइल काळं पडलं म्हणजे खराब झालं?

डिपस्टिकवर (ऑइलची पातळी तपासायची पट्टी) काळं ऑइल दिसलं की ‘लगेच बदला’ हा सल्ला वर्षानुवर्षं फिरतोय. तो चुकीचा आहे. ऑइलमधली डिटर्जंट द्रव्यं काजळी धरून ठेवतात, इंजिनात साचू देत नाहीत. काळेपणा त्याच कामाचा. डिझेल गाडीत तर नवं ऑइलही थोड्याच दिवसांत काळंकुट्ट होतं. आणि सोनेरी दिसतंय म्हणून मुदत लांबवणं? तेही नको. मॅन्युअलमधले किलोमीटर किंवा महिने, जे आधी भरेल ते.

घाबरायचं ते दुधाळ, चहाच्या रंगाच्या ऑइलला: त्यात कूलंट (इंजिन थंड ठेवणारं द्रव) उतरलेलं असू शकतं. (थंडीत छोट्या फेऱ्यांनी फक्त ऑइलच्या झाकणाखाली फेस धरतो, तो बहुधा वाफेचा.) थेंब बोटांत चोळून पाहा, चमचमते कण दिसले तर इंजिनातला धातू झिजतोय.