गांधी, महात्मा : नागपूरशी संबंध

(२ ऑक्टोबर १८६९ – ३० जानेवारी १९४८). भारतीय स्वातंत्र्यलढ्याचे अहिंसक नेते. संपूर्ण नाव मोहनदास करमचंद गांधी. जन्म पोरबंदर (गुजरात) येथे. लंडनमध्ये कायद्याचे शिक्षण आणि दक्षिण आफ्रिकेत जवळजवळ दोन दशके काढून ते ९ जानेवारी १९१५ रोजी मुंबईला परतले. नागपुरात त्यांचा मुक्काम कधी फारसा लांबला नाही; शहराच्या वाट्याला ते अधिवेशनापुरते, सभेपुरते किंवा वर्ध्याला जाता-येता आले. तरीही आफ्रिकेहून परतलेला हा बॅरिस्टर काँग्रेसचा सर्वमान्य नेता झाला तो नागपूरच्या मांडवात, डिसेंबर १९२० मध्ये. प्रस्तुत नोंद त्यांच्या आयुष्याकडे याच बाजूने पाहते.

आफ्रिकेतील पर्व सर्वपरिचित आहे. १८९३ मध्ये एका व्यापारी पेढीच्या दाव्यासाठी ते दक्षिण आफ्रिकेतील नाताळ या वसाहतीत गेले. पीटरमॅरित्झबर्ग स्थानकावर, पहिल्या वर्गाचे तिकीट हातात असताना, त्यांना गाडीतून उतरवण्यात आले. ११ सप्टेंबर १९०६ रोजी जोहान्सबर्गच्या सभेत ट्रान्सवाल प्रांतातील भारतीय लोकांनी सक्तीच्या नोंदणीचा कायदा न पाळण्याची शपथ घेतली आणि पुढे या लढ्याला ‘सत्याग्रह’ हे नाव मिळाले. मायदेशी आल्यावर गोपाळ कृष्ण गोखले यांच्या सल्ल्यावरून त्यांनी वर्षभर राजकारणावर न बोलता देश पाहिला. चंपारण (१९१७), खेडा व अहमदाबाद (१९१८) आणि रौलट कायद्याविरुद्धचा लढा (१९१९) यांतून त्यांचे नाव सर्वत्र पोहोचले. नागपुरात मात्र त्या काळी शब्द चाले तो लोकमान्य टिळकांचा.

नागपूर आणि वऱ्हाड हे टिळकपक्षाचे बालेकिल्ले होते. नागपुरात डॉ. बा. शि. मुंजे, अमरावतीत दादासाहेब खापर्डे. १९०७ चे अधिवेशन मुळात नागपुरात ठरले होते. येथे जहालांचा जोर भारी पडणार हे दिसताच मवाळांनी ते सुरतेला हलवले आणि तेथे काँग्रेस दुभंगली. हुकलेले अधिवेशन नागपूरला मिळायला तेरा वर्षे लागली. तोवर १ ऑगस्ट १९२० रोजी टिळक गेले होते. मुंजे आणि डॉ. केशव बळीराम हेडगेवार पाँडिचेरीला जाऊन अरविंद घोषांना अध्यक्षपदासाठी विनवून आले, पण अरविंदांनी राजकारणात परतायला नकार दिला. थोडक्यात, नागपूरकर टिळकांचा वारस शोधत होते आणि त्यांच्या दारात गांधी येऊन उभे राहिले. हा योगायोग शहरातल्या जुन्या टिळकभक्तांना पुढे कित्येक वर्षे सलत राहिला.

अधिवेशन १९२० च्या डिसेंबरअखेर भरले. अध्यक्ष सेलमचे चक्रवर्ती विजयराघवाचार्य, स्वागताध्यक्ष वर्ध्याचे जमनालाल बजाज. स्वयंसेवक दलाची व्यवस्था डॉ. ल. वा. परांजपे आणि हेडगेवार यांच्याकडे होती. प्रतिनिधींची संख्या चौदा हजारांवर गेली, एवढी गर्दी काँग्रेसने तोवर पाहिली नव्हती. सप्टेंबरात कलकत्त्याच्या विशेष अधिवेशनात असहकाराचा ठराव निसटत्या नव्हे, पण चुरशीच्या मतांनी संमत झाला होता. नागपुरात तो फिरवायचा या इराद्याने देशबंधू चित्तरंजन दास बंगालमधून मोठा तांडा घेऊन आले होते. प्रत्यक्षात वाटाघाटींनंतर ठराव मांडला तो दासांनीच, आणि त्याला दुजोरा दिला लाला लजपतराय यांनी. उघड विरोधात उभे राहिले ते मुख्यतः महंमद अली जिना. सनदशीर मार्ग सोडणे त्यांना मान्य नव्हते. भाषणात त्यांनी ‘मिस्टर गांधी’ म्हणताच मांडवातून ‘महात्मा म्हणा’ असा गिल्ला झाला. जिनांनी त्यानंतर काँग्रेस सोडली. पुढचा इतिहास ठाऊक असलेल्या वाचकाला हा प्रसंग तेव्हा होता त्याहून मोठा वाटण्याचा संभव आहे. त्या आठवड्यात मात्र सगळ्यांचे लक्ष दासांच्या पलटण्याकडे होते.

ठरावाहूनही दूरगामी ठरली ती गांधींनी आखलेली नवी घटना. ‘शांततामय व न्याय्य मार्गांनी स्वराज्य’ हे ध्येय ठरले. वर्षाला चार आणे भरणारा कोणीही सभासद होऊ शकत असल्याने वकील-डॉक्टरांची वार्षिक सभा ही ओळख पुसली जाऊ लागली. रोजच्या कारभारासाठी पंधरा जणांची कार्यकारिणी आली. आणि प्रांतिक समित्या सरकारी प्रांतांप्रमाणे न नेमता भाषेप्रमाणे नेमण्याचे ठरले. मध्यप्रांत-वऱ्हाडात याचा अर्थ लगेच कळला: सरकारच्या एका प्रांतात काँग्रेसचे तीन प्रांत झाले. हिंदी भागाचे ठाणे जबलपूर, मराठी मध्यप्रांताचे नागपूर आणि वऱ्हाडाचे अमरावती. भाषावार प्रांतरचनेच्या पुढील वादांत नागपूरचा हा दाखला नेहमी दिला गेला. अधिवेशनाची आठवण शहरात काँग्रेसनगर या वस्तीच्या नावाने टिकून आहे. याच अधिवेशनाच्या काळात बजाजांनी ‘मला आपला पाचवा मुलगा माना’ अशी विनंती गांधींना केली. १९२१ च्या एप्रिलमध्ये विनोबा भावे वर्ध्यात आश्रम चालवायला आले ते या नात्याच्या ओघानेच. हेडगेवार असहकारात तुरुंगात गेले, १९२२ मध्ये सुटले, आणि १९२५ च्या विजयादशमीला त्यांनी नागपुरातच वेगळी वाट धरून राष्ट्रीय स्वयंसेवक संघ काढला.

झेंडा सत्याग्रह. गांधींच्या पद्धतीची नागपुरातील खरी कसोटी त्यांच्या गैरहजेरीत लागली. १८ मार्च १९२२ रोजी त्यांना सहा वर्षांची शिक्षा झाली आणि ते येरवड्यात होते. मार्च १९२३ मध्ये जबलपुरात नगरपालिकेच्या इमारतीवर चरख्याचा झेंडा लावण्यावरून ठिणगी पडली. १३ एप्रिलला, जालियनवाला बागेच्या स्मृतिदिनी, नागपुरात झेंडा घेऊन निघालेली मिरवणूक सिव्हिल लाइन्सकडे वळताच पोलिसांनी अडवून झोडपली. १ मेपासून रीतसर सत्याग्रह सुरू झाला.

नागपूरचा नकाशा डोळ्यापुढे आणला तर यातली खुबी कळते. रेल्वेमार्गाच्या पूर्वेला महाल, इतवारी हे जुने दाटीवाटीचे शहर. पश्चिमेला सीताबर्डीची (नागपूरकरांच्या तोंडी नुसती ‘बर्डी’) टेकडी आणि किल्ला, आणि त्यापलीकडे साहेबांच्या बंगल्यांची, रुंद झाडीदार रस्त्यांची सिव्हिल लाइन्स. सत्याग्रहींची मागणी एवढीच की आपल्या गावातल्या या रस्त्यावरून आपला झेंडा खांद्यावर घेऊन चालता यावे. ना कर बुडवायचा होता, ना कचेरी बंद पाडायची होती. रोज एक छोटी तुकडी निघायची, मनाईहुकमाच्या हद्दीशी पोहोचायची, पकडली जायची. दुसऱ्या दिवशी दुसरी. इतक्या साध्या मागणीला नकार देताना सरकार दिवसेंदिवस हास्यास्पद दिसू लागले, आणि तुरुंग भरत गेले. प्रत्येक महिन्याची १८ तारीख गांधींच्या शिक्षेची आठवण म्हणून ‘गांधी दिन’ पाळली जाई. १८ जूनचा दिवस मोठा होणार हे ओळखून सरकारने बजाजांना आधीच अटक केली. विनोबाही तुरुंगात गेले. हिंदी कवयित्री सुभद्राकुमारी चौहान यांनी येथेच अटक करवून घेतली. या लढ्यातील पहिल्या स्त्री-सत्याग्रही म्हणून त्यांचे नाव घेतले जाते. बजाजांनंतर सूत्रे वल्लभभाई पटेल यांच्याकडे आली, गुजरातेतून व इतर प्रांतांतून स्वयंसेवकांच्या तुकड्या येत राहिल्या. अखेर गव्हर्नर सर फ्रँक स्लाय यांच्या सरकारशी बोलणी होऊन १८ ऑगस्ट १९२३ रोजी मिरवणूक सिव्हिल लाइन्समधून झेंड्यासह अडथळ्याविना गेली, आणि कैदी सुटले. तडजोड कोणी कोणाची मानली यावर दोन्ही बाजूंनी तेव्हाही हुज्जत घातली. बार्डोलीच्या सत्याग्रहाच्या पाच वर्षे आधी वल्लभभाईंनी लढा कसा थांबवावा याचा धडा नागपुरात गिरवला, हे मात्र चरित्रकारांच्या नजरेतून बहुधा सुटते.

गांधींचे नाव घेऊन गांधींना न पटणारे काही करण्याची हौसही या शहराला होती. १९२७ मध्ये मंचरशा आवारी यांनी शस्त्रबंदीच्या कायद्याविरुद्ध सत्याग्रह मांडला: स्वयंसेवक तलवारी घेऊन रस्त्यावर येत आणि अटक होत. शस्त्रे हाती, पण चालवायची नाहीत. गांधींनी याला आपली संमती दिली नाही. आवारी तुरुंगात गेले, तेथे दीर्घ उपोषण केले, आणि लोकांनी त्यांना ‘जनरल’ ही पदवी देऊन टाकली. त्या वेळच्या नागपूरकराला या दोन गोष्टींत विसंगती दिसत नव्हती, असेच म्हणावे लागते.

१९३० च्या कायदेभंगात विदर्भाची अडचण निराळी होती. मीठ उचलायला समुद्र नाही. अकोल्याकडच्या खारपाणपट्ट्यातील दहिहंडा गावी विहिरींचे खारे पाणी आटवून कायदा मोडण्यात आला. पुढे लोकनायक बापूजी अणे यांनी १० जुलैला पुसदला राखीव जंगलातले गवत कापून जंगल सत्याग्रहाला आरंभ केला, आणि शेतकरी व आदिवासी यांना ही हाक मिठापेक्षा जवळची वाटली.

दांडीला निघताना स्वराज्य मिळेपर्यंत साबरमतीला परतणार नाही असे गांधींनी म्हटले होते. १९३३ मध्ये आश्रम मोडला, आणि बजाजांच्या आग्रहाने वर्धा हे त्यांचे ठिकाण झाले. अस्पृश्यता-निवारणाचा हरिजन दौरा नोव्हेंबर १९३३ मध्ये येथूनच निघाला. ३० एप्रिल १९३६ रोजी ते शेगाव या खेड्यात राहायला गेले. वऱ्हाडातल्या शेगावच्या नावामुळे टपालात होणारा घोळ टाळण्यासाठी १९४० मध्ये त्याचे सेवाग्राम झाले. तेथील कुटीत आजही दोन वस्तू शेजारधर्माने नांदतात: साप न मारता पकडून लांब सोडण्याची लाकडी पेटी, आणि व्हाइसरॉयने बसवून दिलेला टेलिफोन. नागपूरहून हे अंतर जेमतेम पाऊणशे किलोमीटर. त्यामुळे देशभरचे पुढारी नागपूर-वर्धा गाड्यांत दिसू लागले.

जवळ असल्याने कुरबुरीही वाढल्या. एप्रिल १९३६ मध्ये नागपुरात गांधींच्या अध्यक्षतेखाली भरलेल्या भारतीय साहित्य परिषदेत ‘हिंदी-हिंदुस्थानी’ या शब्दावरून उर्दूचे कैवारी मौलवी अब्दुल हक दुखावले गेले. जुलै १९३८ मध्ये मध्यप्रांताचे मुख्यमंत्री डॉ. ना. भा. खरे यांनी काँग्रेसश्रेष्ठींना न विचारता मंत्रिमंडळ बदलले, आणि काही दिवसांतच त्यांना पायउतार व्हावे लागले. त्यांच्या जागी पंडित रविशंकर शुक्ल आले. खरे यांनी पुढे गांधींवर कडवट टीका केली. मराठी नागपुरावर वर्ध्याहून हुकूम चालतो, ही तक्रार तेव्हा घरोघरी ऐकू येई आणि तिच्यात अजिबात तथ्य नव्हते असे म्हणता येणार नाही.

१४ जुलै १९४२ रोजी वर्ध्यात कार्यकारिणीने ‘छोडो भारत’चा मसुदा मंजूर केला. ऑगस्टमध्ये नेते पकडले गेल्यावर नागपुरात आणि आसपास जे घडले ते अहिंसेच्या चौकटीत बसणारे नव्हते: टपाल कचेऱ्या, पोलीस ठाणी जळाली, गोळीबार झाले. आष्टी आणि चिमूर येथे १६ ऑगस्टला पोलीस व अधिकारी मारले गेले. चिमुरात त्यानंतर आलेल्या फौजेने केलेल्या अत्याचारांच्या चौकशीसाठी सेवाग्रामच्या प्रा. जयकृष्ण भन्साळींनी ६३ दिवस उपोषण केले. हिंदुस्थान लाल सेना या क्रांतिकारी गटाचा तरुण शंकर महाले याला १९ जानेवारी १९४३ रोजी नागपूरच्या तुरुंगात फाशी झाली. गांधी त्या वेळी पुण्याला आगाखान पॅलेसमध्ये बंदीत होते. १९२३ प्रमाणे याही वेळी नागपूरने त्यांच्यावाचून लढा दिला, पण या खेपेला त्यांच्या पद्धतीने नव्हे.

२५ ऑगस्ट १९४६ रोजी ते सेवाग्राम सोडून दिल्लीला गेले. फेब्रुवारी १९४८ मध्ये परत येण्याचा बेत होता. ३० जानेवारीला त्यांचा खून झाला. खुनी मराठी ब्राह्मण असल्याची बातमी पसरताच नागपुरातही ब्राह्मणांच्या घरांवर व संघाच्या ठिकाणांवर जमाव चालून गेले. अहिंसेच्या नेत्यासाठी शहराने केलेला हा शोक शहरानेच पुढे फारसा आठवणीत ठेवला नाही.

गांधींच्या नावाने शहराच्या मध्यभागी बाजाराचा गजबजलेला गांधीबाग आहे. जुन्या जुम्मा (म्हणजे शुक्रवारी) तलावाला ‘गांधीसागर’ हे नाव मिळाले. रिक्षावाल्याला मात्र अजूनही ‘शुक्रवारी तलाव’ सांगितले तरी तो बरोबर तिथेच नेऊन सोडतो.