तासाला सात वर्षं

‘इंटरस्टेलर’ या २०१४ सालच्या चित्रपटात प्रेक्षकांना सगळ्यात जास्त रडवतो तो प्रसंग सरळ गणितातून आलेला आहे. कृष्णविवराजवळच्या एका पाणथळ ग्रहावर उतरलेले अंतराळवीर काही तासांत यानावर परततात, तोवर पृथ्वीवर २३ वर्षं उलटलेली असतात. घरून आलेले, साठलेले व्हिडिओ निरोप त्यांच्यातला कूपर, चित्रपटाचा नायक, एकामागून एक पाहत बसतो. त्याचा शाळकरी मुलगा बघता बघता बाप होतो. मग मुलगी पडद्यावर येते, निघताना कूपरचं जे वय होतं त्याच वयाची. ‘परत येईन तेव्हा कदाचित आपण एकाच वयाचे असू,’ असं तोच तिला म्हणाला होता.

गुरुत्वाकर्षण तीव्र असेल तिथे काळ सावकाश चालतो, हे आइनस्टाइनच्या व्यापक सापेक्षता सिद्धांतातून निघतं आणि ते मोजूनही झालं आहे. अमेरिकेतल्या एनआयएसटी या संस्थेत २०१० साली दोन अणुघड्याळांच्या उंचीत जेमतेम ३३ सेंटिमीटरचा फरक ठेवला, तरी वरचं घड्याळ किंचित पुढे गेलं. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळं उंचीमुळे रोज सुमारे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि वेगामुळे ७ मागे पडतात. उरलेल्या ३८ची दुरुस्ती करावीच लागते, नाहीतर फोनवरचा नकाशा भलतीकडे नेईल.

चित्रपटातला फरक मात्र अफाट आहे. ग्रहावरचा एक तास म्हणजे पृथ्वीवरची सात वर्षं, म्हणजे एका मिनिटाला सहा आठवडे! दिग्दर्शक ख्रिस्तोफर नोलन यांना हाच आकडा हवा होता. वैज्ञानिक सल्लागार किप थॉर्न यांना आधी तो अशक्य वाटला. मग त्यांनी आकडेमोड केली, तेव्हा कृष्णविवर कमाल शक्य वेगाच्या अगदी काठावर फिरत असेल तर हे जमतं असं दिसलं. त्या कमाल वेगापेक्षा कमी किती, तर १०० लाख कोटींत एक भाग. निसर्गात असं कृष्णविवर सापडणं फारच अवघड, पण नियम कुठे मोडलेला नाही.

आणि म्हणूनच तो प्रसंग काळजाला भिडतो. इथे कुणी खलनायक नाही, कुणी दगा दिलेला नाही. कूपरसोबतची अंतराळवीर, चित्रपटाची नायिका, यानात प्रेमाबद्दल लांबलचक बोलते, प्रेम काळाच्या आणि अवकाशाच्या पलीकडे पोचतं वगैरे. ते मला उसनं वाटतं. घड्याळावर भरवसा ठेवल्यावर असल्या भाषणाची गरजच काय होती?

खरी तक्रार मात्र त्यांचा सहकारी अंतराळवीर रोमिली याच्या वाटणीची आहे. ग्रहावर न उतरता तो मागे यानात थांबला, म्हणून ती २३ वर्षं त्याच्या वाट्याला पुरेपूर आली. काही काळ तो शीतनिद्रेत गेला, बाकीचा एकट्याने काढला. दार उघडतं तेव्हा त्याची दाढी पिकलेली असते. सापेक्षतेची किंमत त्याच्याइतकी जागेपणी कुणीच मोजलेली नाही, आणि पटकथा त्याला दोन-चार वाक्यं देऊन पुढे निघते.