तीन गुणांचं गाणं

६ एप्रिल १९७४ रोजी इंग्लंडमधल्या ब्रायटनला युरोव्हिजन गीतस्पर्धा झाली आणि स्वीडनच्या आब्बाने ती गाजवली. त्याच मंचावर पोर्तुगालचा पावलो द कार्व्हालो 'ई देपोइश दु आदेउश' म्हणजे 'आणि निरोपानंतर' हे गाणं गायला. पदरात पडले तीन गुण आणि आणखी तीन देशांच्या जोडीने तळाची जागा. अठरा दिवसांनी मात्र याच गाण्यावर मायदेशी रणगाडे निघाले.

युरोव्हिजनचा मंच पोर्तुगालला सुरुवातीपासूनच अवघड गेला. १९६४ साली कोपनहेगनला तो देश पहिल्यांदा उतरला. त्या रात्री एक माणूस थेट मंचावर चढला. स्पेनचा हुकूमशहा फ्रँको आणि पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार यांच्यावर बहिष्कार टाका, असा फलक त्याच्या हातात होता. पोर्तुगालला शून्य गुण मिळाले. देशात गाणी, नाटकं, वर्तमानपत्रं सगळं सेन्सॉरच्या निळ्या पेन्सिलीखालून जायचं. १९७३चं युरोव्हिजनचं गाणं 'तोराडा' तिच्यातूनही निसटलं. वरवर बैलझुंजीचं वर्णन, आत राजवटीवर कोरडे!

१९७४च्या गाण्यात असलं काहीच नव्हतं. शब्द जुझे निझाचे, चाल जुझे काल्व्हारियोची. मी कोण, इथे काय करतोय, असं स्वतःलाच विचारणारा, प्रेम संपल्यावर एकटा पडलेला माणूस त्यात आहे. माझ्या मते गाणं सुरेल आहे आणि तीन गुण हा त्याच्यावर अन्यायच. पण त्याचं निरुपद्रवी असणंच कामी आलं. अंगोला, गिनी आणि मोझांबिक या आफ्रिकी वसाहतींमधल्या न संपणाऱ्या युद्धांना विटलेले तरुण कॅप्टन उठावाच्या तयारीत होते. वेगवेगळ्या छावण्यांना एकाच वेळी इशारा द्यायचा, तोही रेडिओवरून, सगळ्यांच्या कानांदेखत. बंदी असलेलं गाणं लावलं असतं तर गुप्त पोलीस लगेच सावध झाले असते. नुकतंच युरोव्हिजनला जाऊन आलेलं गाणं लागलं, तर संशय कोणाला येणार?

२४ एप्रिलच्या रात्री अकराला पाच मिनिटं कमी असताना लिस्बनच्या एका केंद्रावर निवेदकाने वेळ सांगितली, गायकाचं आणि गाण्याचं नाव घेतलं आणि रेकॉर्ड लावली. घरोघरी ते रोजच्यासारखं गाणं होतं. छावण्यांत कान लावून बसलेल्यांसाठी तो तयारीचा हुकूम होता. या केंद्राचा आवाज राजधानीच्या आसपासच पोचायचा. म्हणून मध्यरात्रीनंतर, बारा वाजून वीस मिनिटांनी, देशभर ऐकू जाणाऱ्या केंद्रावर दुसरी खूण आली: जुझे आफोन्सोचं 'ग्रांदोला, व्हिला मोरेना'. आता माघार नव्हती. २५ तारखेच्या संध्याकाळी लिस्बनमधल्या कार्मोच्या बराकीत आसरा घेतलेल्या पंतप्रधान कायतानोने, सालाझारच्या वारसाने, सत्ता सोडली. सैनिकांच्या बंदुकांच्या नळ्यांत लोकांनी लाल कार्नेशनची फुलं खोवली होती. गुप्त पोलिसांच्या गोळीबारात चौघांचा जीव गेला. अठ्ठेचाळीस वर्षांची हुकूमशाही मात्र एका दिवसात कोसळली.

मराठी माणसाला ही रात्र परकी वाटू नये. गोव्यातल्या बेतीच्या पोलीस चौकीवरच्या हल्ल्यात पकडले गेलेले गोवा मुक्तिसंग्रामातले मोहन रानडे लिस्बनजवळच्या काशियासच्या तुरुंगात होते. गोवा १९६१ साली मुक्त झाला, तरी रानडे सुटले नाहीत. त्यांच्या सुटकेसाठी सुधीर फडके वर्षानुवर्षं झटले आणि १९६९च्या जानेवारीत रानडे बाहेर आले. त्याच काशियासमधले राजकीय कैदी उठावानंतर दोनच दिवसांत मोकळे झाले. सालाझारच्या राजवटीने गोवा गेल्याचं कधी मान्यच केलं नव्हतं. ते मान्य केलं नव्या सरकारने. ३१ डिसेंबर १९७४ रोजी नवी दिल्लीत करार झाला आणि गोवा, दमण, दीव, दादरा आणि नगर हवेलीवरचं भारताचं सार्वभौमत्व पोर्तुगालने स्वीकारलं. आपल्या बाजूने सही केली परराष्ट्रमंत्री यशवंतराव चव्हाणांनी, त्यांच्या बाजूने परराष्ट्रमंत्री मारियो सोआरिशने. हा सोआरिश उठावानंतर तीन दिवसांनी पॅरिसहून रेल्वेने, हद्दपारीतून घरी परतला होता.

पुढच्या वर्षी, १९७५च्या मार्चमध्ये, स्टॉकहोमच्या युरोव्हिजनला पोर्तुगालने दुआर्ते मेंदेशला पाठवलं. तो उठावात उतरलेला लष्करी कॅप्टन होता. गाण्याचं नाव 'मादरुगादा', म्हणजे पहाट. या खेपेला गुण मिळाले सोळा.