गायरान, कलम 53 आणि सरपंचाची खुर्ची

गावठाणातली जागा, गायरान, रस्त्यावर सरकलेली ओसरी, ही भांडणं जुनीच आहेत. 1964 चा भूमिहीनांचा सत्याग्रह झाला, पुढे 1991 च्या जीआरने 1 एप्रिल 1978 ते 14 एप्रिल 1990 या काळातली गरिबांची शेतीसाठीची अतिक्रमणं नियमित करायचं ठरलं, पण सातबाऱ्यावर सगळ्यांची नावं चढली असं काही झालं नाही.

कायद्यात वाटा भरपूर आहेत. ग्रामपंचायत कायद्याचं कलम 53 अतिक्रमण काढायचा अधिकार पंचायतीला देतं, पंचायत हललीच नाही तर अर्ज करून कलेक्टरकडे जाता येतं. सरकारी जमीन असेल तर महसूल कायद्याचं कलम 50, आणि तिथेच शेजारी 51, म्हणजे अतिक्रमण कायम करून देण्याची तरतूद! जागा माझीच म्हणणाऱ्याला त्याच महसूल कायद्याच्या कलम 20 खाली चौकशी मागता येते, पण निकाल विरोधात गेला तर दिवाणी दावा एका वर्षात टाकायचा. हे वर्ष लोक हमखास घालवतात, कारण हातात नमुना 8 चा उतारा आणि घरपट्टीची पावती असली की मालकी झाली असं वाटतं, प्रत्यक्षात तो कर आकारणीचा कागद आहे, मालकीचा नाही.

पण खरी गंमत झाली 2006 नंतर. अतिक्रमण करणारा सदस्य अपात्र, असं ग्रामपंचायत कायद्याच्या कलम 14 मधे घातलं आणि तेव्हापासून अतिक्रमणाची तक्रार म्हणजे निवडणुकीत हरलेल्या पॅनलचं हत्यार झालं. प्रश्न एवढाच की अतिक्रमण सासऱ्याने केलं आणि निवडून आली सून, तर अपात्र कोण? 2017 मधे सुप्रीम कोर्टाने सांगितलं, ज्याने मुळात केलं तोच, घरच्यांना त्यापायी अपात्र धरता येणार नाही. वर्षही झालं नाही तोच, सप्टेंबर 2018 मधे, तीन न्यायमूर्तींनी तो निकाल फिरवला, त्या जागेत राहत राहणं हेसुद्धा अतिक्रमणच. तर्क बरोबर असेलही, पण लग्न होऊन त्या घरात आलेल्या बाईने करायचं काय, हे मला अजून पटत नाही, आणि महिला राखीव वॉर्डात याचा फटका कुणाला बसतो ते सांगायला नको. अर्ज कलेक्टरकडे, अपील आयुक्तांकडे, मग हायकोर्टात रिट, आणि तोवर बऱ्याचदा टर्मच संपत आलेली असते.

दरम्यान जानेवारी 2011 मधे सुप्रीम कोर्टाने सगळ्या राज्यांना गावच्या सामाईक जमिनी मोकळ्या करायला सांगितलं, भूमिहीन, दलित-आदिवासींना दिलेले पट्टे आणि शाळा-दवाखाने एवढाच अपवाद ठेवून, त्यावर जुलैत आपल्याकडे जीआर निघाला. 2022 च्या शेवटी हायकोर्टाच्या आदेशावरून गायरानातल्या घरांना नोटिसा गेल्या तेव्हा गावंच्या गावं तहसीलवर धावली. नोव्हेंबर 2024 च्या सुप्रीम कोर्टाच्या बुलडोझर निकालातली, बांधकाम पाडण्याआधी द्यायची 15 दिवसांची नोटीस अनेकजण आता पुढे करतात, पण रस्ता, फूटपाथ, नदीपात्र अशा सार्वजनिक जागांना ते संरक्षण लागू नाही हे त्याच निकालात लिहिलंय, त्यामुळे जागा नक्की कशात पडते हे बघायला वकील आधी मोजणीचा नकाशा मागतो.