लिथियम बॅटरींची हवाई वाहतूक

लिथियम बॅटरी विमानाने नेताना वा पाठवताना पाळावयाचे नियम आंतरराष्ट्रीय नागरी विमान वाहतूक संघटनेच्या तांत्रिक सूचनांवर आधारलेले असून भारतात त्यांची अंमलबजावणी नागरी विमान वाहतूक महासंचालनालय करते.

या नियमांचे मूळ बॅटरीच्या पेटण्याच्या रीतीत आहे. बॅटरीतील घटाला (सेलला) मार बसला किंवा त्याची दोन्ही टोके किल्ली, नाणे अशा धातूच्या वस्तूने जोडली गेली, की आतली उष्णता आपोआप वाढत जाते आणि एक घट शेजारच्याला पेटवतो. विमानात आग विझवण्यासाठी वापरल्या जाणाऱ्या हॅलॉन वायूने ज्वाळा विझल्या, तरी घटातील क्रिया चालूच राहते. त्याला पाण्याने थंड करावे लागते. सप्टेंबर २०१० मध्ये दुबईहून निघालेल्या यूपीएस या माल पोहोचवणाऱ्या कंपनीच्या मालवाहू बोइंग ७४७ विमानात बॅटरी असलेल्या मालाला आग लागून दोन्ही वैमानिक मृत्युमुखी पडले. प्रवासी विमानाच्या पोटातील मालकक्षात उड्डाण चालू असताना कर्मचाऱ्यांना सहसा पोहोचता येत नाही. म्हणूनच सुट्या, म्हणजे उपकरणात न बसवलेल्या, बॅटरी हातसामानातच न्याव्या लागतात, आणि पॉवर बँक ही नियमाच्या लेखी सुटी बॅटरीच होय. मुंबईत सहारच्या टर्मिनल २ वर चेक-इनला दिलेली बॅग ऐनवेळी उघडावी लागते, ती बहुधा कपड्यांच्या घडीत राहिलेल्या पॉवर बँकेमुळे.

मर्यादा वॉट-अवरमध्ये, म्हणजे बॅटरीत साठणाऱ्या ऊर्जेच्या एककात, मोजतात, वेष्टणावर मात्र मिलिअँपिअर-अवर ठळक छापलेले असतात. मिलिअँपिअर-अवरला व्होल्टने गुणून हजाराने भागले, की वॉट-अवर मिळतात; २०,००० मिलिअँपिअर-अवरची ३.७ व्होल्टची पॉवर बँक ७४ वॉट-अवरची भरते. १०० वॉट-अवरपर्यंत विमान कंपनीची परवानगी लागत नाही; १०० ते १६० पर्यंत ती लागते व अशा सुट्या बॅटरी दोनच नेता येतात; त्यापुढे प्रवाशाला मनाई आहे. विजेवर चालणाऱ्या चाकाच्या खुर्चीसाठी नियम वेगळे आहेत.

मालाच्या बाबतीत नियम अधिक कडक आहेत. १ एप्रिल २०१६ पासून नुसत्या लिथियम-आयन बॅटरी प्रवासी विमानातून माल म्हणून पाठवता येत नाहीत. मालवाहू विमानातही त्या ३० टक्क्यांहून अधिक भारित (चार्ज केलेल्या) नसाव्या लागतात. खोक्यात ‘इलेक्ट्रॉनिक सामान’ आहे एवढेच सांगून भागत नाही, कारण बॅटरी न कळवता पाठवणे हाच नियमभंग ठरतो. फुगलेली किंवा दोषामुळे कंपनीने परत मागवलेली बॅटरी हवाई मार्गाने पाठवता येत नाही. मुंबईतील लॅमिंग्टन रोडच्या इलेक्ट्रॉनिक वस्तूंच्या बाजारात घेतलेले सुटे घट खिशात किंवा एकाच पिशवीत खुळखुळत नेणे धोक्याचे असते. मूळ वेष्टण नसेल तर टोकांवर चिकटपट्टी लावून प्रत्येक घट वेगळ्या प्लास्टिकच्या पिशवीत ठेवला तरी चालतो.