वळिवाचं पाणी कुठं जातं?

मे महिन्यात वळीव आला तेव्हा मी बेळगावात शहापूरच्या एका गल्लीत दुकानाच्या वळचणीला उभा होतो. समोर पिंपळाचा चौक, नुकताच सुशोभित केलेला. झाडाभोवतीचा पार तोडलेला, खोडापर्यंत काँक्रीट, वर पेव्हर. दहा मिनिटांत घोटाभर पाणी साचलं. पाऊस उघडल्यावर बुंध्याजवळच्या बोटभर फटीत काडी खुपसून पाहिली. खालची माती कोरडी ठाक!

हिशेब सोपा आहे. एक चौरस मीटरवर एक मिलिमीटर पाऊस म्हणजे एक लिटर पाणी. 500 चौरस मीटरच्या चौकात 40 मिलिमीटर पाऊस झाला तर 20,000 लिटर. काँक्रीटवरून ते बहुतेक सगळं गटारीत जातं आणि तिथून नाल्यात. बळ्ळारी नाला फुगला की शहापूर, वडगाव, येळ्ळूरच्या शिवारातलं भात पाण्याखाली जातं. नाल्यातला गाळ हे कारण आहेच, पण पाण्याची घाई चौकातच सुरू होते.

1924 च्या काँग्रेस अधिवेशनासाठी टिळकवाडीत खणलेली काँग्रेस विहीर आजही आहे. अशा विहिरींना झरे फुटतात ते जमिनीत मुरलेल्या पावसामुळेच.

झाडाचं दुखणं वेगळं. मुळांना पाण्याइतकीच हवा लागते. पाणी शोषणारी बारीक मुळं बहुतांशी वरच्या दोन-अडीच फुटांतच असतात. रोलर फिरला की मातीतल्या पोकळ्या मिटतात, मुळं गुदमरतात. मग सावलीही विरळ होते. पानांतून एक लिटर पाण्याची वाफ होताना सुमारे 2,400 किलोज्यूल उष्णता खर्ची पडते. झाडानं दिवसात शंभर लिटर पाणी सोडलं, तर पासष्ट-सत्तर युनिट विजेइतकी उष्णता शोषली जाते. पण त्यासाठी आधी मुळांना पाणी मिळायला हवं ना!

पार तोडणं तर मला मुळीच पटत नाही. शहरांचे अमेरिकन अभ्यासक विल्यम व्हाइट यांनी 1970 च्या दशकात न्यूयॉर्कच्या चौकांचं चित्रण करून पाहिलं, तर माणसं रमत होती ती बसायला जागा असेल तिथं. संध्याकाळी म्हातारी माणसं टेकायची, तो पारच आपण काढून टाकला.

खोडाभोवती चार-पाच फूट माती उघडी ठेवावी, चौकाचा उतार गटारीऐवजी तिकडे द्यावा. पेव्हर खडी-वाळूवर, सांधे मोकळे ठेवून बसवावेत. काळ्या मातीत पाणी सावकाश मुरतं, तिथं खडीचा थर जाड हवा.

त्या पिंपळाभोवतीचं काँक्रीट मुळं सांभाळून फोडायला दोन गडी आणि एक दिवस पुरेल. मिरगाआधी व्हायला हवं.