पानाच्या नावाचं फूल

फाल्गुन-चैत्रात घाटातून जाताना निष्पर्ण डोंगरउतारावर पेटल्यासारखी जी झाडं दिसतात, ती पळसाची. गंमत अशी, की 'पळस' हे नाव फुलावरून पडलेलंच नाही. संस्कृतात 'पलाश' म्हणजे पान. पलाशचा पुढे पळस झाला. म्हणजे ज्या काळात अंगावर औषधालाही पान नसतं, नेमका त्याच काळात सगळ्यांच्या नजरेत भरणाऱ्या या झाडाला आपण 'पान' म्हणून हाक मारतो.

पण ज्यांनी नाव ठेवलं, त्यांचा संबंध पानाशीच जास्त होता. पत्रावळी, द्रोण त्याचेच. 'कुठेही जा, पळसाला पानं तीनच' ही म्हणही पानावरच बेतलेली. (वनस्पतिशास्त्राच्या हिशेबात ते पान एकच, आपण मोजतो त्या त्याच्या तीन पर्णिका. म्हणीला अर्थात त्याचं सोयरसुतक नाही.)

फुलाकडे पाहून दिलेलं नाव वेगळं आहे: किंशुक. 'हा पोपट तर नव्हे?' असा थेट प्रश्नच. एक फूल हातात घेतलं की प्रश्न पटतो. काळपट, मखमली पेल्यातून केशरी पाकळ्या बाहेर येतात. त्यांतल्या खालच्या दोन जुळून चोचीसारख्या वाकतात आणि पुंकेसर त्या चोचीत दडलेले असतात. मधासाठी आलेल्या शिंजीराच्या अंगाला तिथेच पराग लागतात. एका जुन्या सुभाषितात विद्याहीन माणसाला गंधहीन किंशुकाची उपमा दिली आहे. टोमणा झकास आहे, पण पळसावर अन्याय करणारा. पक्षी फूल शोधतात ते मुख्यतः डोळ्यांनी; त्यांच्यासाठी भडक रंग आणि भरपूर मध पुरे, सुगंधाचा खर्च कशाला?

शास्त्रीय नाव 'ब्युटिया मोनोस्पर्मा'. यातलं 'मोनोस्पर्मा' म्हणजे एकबीजी, आणि ते चोख आहे. पळसाची चपटी शेंग, म्हणजे पळसपापडी, उघडून बघा; टोकाशी एकच बी सापडते. 'ब्युटिया' मात्र जॉन स्टुअर्ट या ब्यूटच्या तिसऱ्या अर्लवरून आलं. हे गृहस्थ 1762-63 मध्ये ब्रिटनचे पंतप्रधान होते. राजकारणात फारसे टिकले नाहीत, पण वनस्पतिशास्त्राचे मोठे आश्रयदाते. लंडनजवळच्या क्यू उद्यानाच्या उभारणीतही त्यांचा हात होता. हिंदुस्थानात त्यांनी कधी पाऊल ठेवलं नाही. आश्रयदात्याचं नाव वनस्पतीला देण्याची तेव्हा रीतच होती, तरी किंशुकाशेजारी ते नाव मला फिकंच वाटतं.

पण ते चिकटलं मात्र घट्ट. पळसात सापडलेल्या पिवळ्या-नारिंगी रंगद्रव्यांना रसायनशास्त्रज्ञांनी ब्युटीन, ब्युट्रिन अशी नावं दिली. होळीला फुलं पाण्यात उकळून केशरी रंग काढतात, तो याच कुळातल्या द्रव्यांचा.

आणि गावांची नावं? तिथे अर्लसाहेबांची डाळ शिजली नाही. कर्जतजवळची पळसदरी घ्या, किंवा बंगालातलं पलाशी. इंग्रजांनी त्याचं 'प्लासी' केलं आणि 1757 ची लढाई त्याच नावाने इतिहासात गेली.